गाविलगडाच्या मागचा मेळघाट

स्मरणिका समितीने "काका, तुम्ही काहीतरी ऐतिहासिक लिहा" असे फर्मान काढले, तेव्हा मला आपल्या सोसायटीची पहिली सहल आठवली. डबे, सतरंज्या आणि पत्त्यांचे तीन कॅट घेऊन आपण सगळे बसने चिखलदऱ्याला गेलो होतो. गाविलगडाच्या दिल्ली दरवाजात ए विंगमधल्या एका चिमुकल्याने मला विचारले होते, "आजोबा, इथे कोण राहत होतं?" मी म्हणालो, "राजा." घाई होती, बसवाला हॉर्न देऊन राहिला होता. तो मुलगा आता पुण्याला नोकरीत आहे. त्याचे उरलेले उत्तर आज देतो.

गाविलगड नाव पडले गवळ्यांवरून. दगडी किल्ल्याच्या आधी तिथे गवळी लोकांची मातीची गढी होती असे सांगतात. पक्का किल्ला अहमदशाह बहमनीने १४२५ च्या सुमारास बांधला. पुढे इमादशाही, मोगल आणि शेवटी आपले नागपूरकर भोसले. आतले तलाव, मोठी मशीद, शार्दूल दरवाजावरचा दोन डोक्यांचा गंडभेरुंड आपण पाहिलाच आहे. (तिथे काहींनी नावे कोरली आहेत. आपल्यापैकी कोणी नव्हते, एवढे समाधान.)

या गडाचा आणि नागपूरचा संबंध फार जवळचा आहे. १८०३ साली आर्थर वेलस्लीने असईला, मग २९ नोव्हेंबरला अडगावला मराठी फौजांचा पराभव केला. हाच पुढे वॉटर्लूला नेपोलियनशी लढला. दुसऱ्या रघुजींचा शेवटचा भरवसा गाविलगडावर होता. दक्षिणेकडून चढ जवळजवळ अशक्य. म्हणून कर्नल स्टीव्हन्सनच्या तुकडीने अचलपूरहून निघून डोंगराला वळसा घातला. सुमारे तीस मैल, रस्ता स्वतःच तयार करत आणि अवजड तोफा ओढत, ती उत्तरेच्या बाजूने लबाड्याला पोचली. १५ डिसेंबरला तट फोडून इंग्रज आत शिरले. किल्लेदार बेनीसिंग लढता लढता पडला. दोनच दिवसांनी देवगावचा तह झाला. भोसल्यांचा कटक प्रांत कंपनीला, वर्धा नदीच्या पश्चिमेचा वऱ्हाड निजामाला. गाविलगड तेवढा परत मिळाला, पण १८२२ साली तोही गेला. तहानंतर नागपूरच्या दरबारात इंग्रज रेसिडेंट येऊन बसला, माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन. म्हणजे आपल्या शहराच्या नशिबाचा एक मोठा फासा त्या डोंगरावर पडला. पुढे १८५८ मध्ये तात्या टोपे इकडे येऊन गड बळकावतील या भीतीने इंग्रजांनी त्याचे तट पाडून टाकले.

इथवर सगळे पुस्तकात मिळते. माझी अडचण पुढे आहे. स्टीव्हन्सन ज्या डोंगरातून गेला, तिथे कोणी राहत नव्हते का?

राहत होते. नोकरीच्या निमित्ताने मी ऐंशीच्या दशकाच्या शेवटी तीन वर्षे धारणीला काढली, म्हणून सांगू शकतो. चिखलदऱ्याच्या पलीकडे खरा मेळघाट सुरू होतो. घाटांचा मेळ तो मेळघाट. खापरा, खंडू, सिपना, गाडगा, डोलार या नद्या तिथून तापीला जातात. सिपना म्हणजे कोरकू भाषेत साग. आपल्या दारांच्या चौकटी सागवानी हव्यात म्हणून आमसभेत दोन तास भांडण झाले होते, ती मंडळी हे वाचून हसतील.

कोरकू म्हणजे माणसे, एवढाच त्या शब्दाचा अर्थ. नागपूर वसवणारा बख्त बुलंद शाह गोंड, आणि गोंडी तेलुगू-कानडीच्या कुळातली. कोरकूचे नाते मात्र पार झारखंडच्या संथाली-मुंडारीशी. त्या कुळातली इतक्या पश्चिमेला बोलली जाणारी दुसरी भाषा नाही. गावात समोरासमोर घरांच्या दोन सरळ ओळी, मध्ये रुंद रस्ता. तो शेणाने सारवलेला, इतका स्वच्छ की आपल्या पार्किंगची लाज वाटावी. होळीला आठवडाभर कामकाज बंद. बायका रस्त्यावर दोर धरून उभ्या राहतात आणि फगवा घेतल्याशिवाय सोडत नाहीत. माझी राजदूत एका दिवसात चारदा अडवली.

आणि मुंडा. माणूस गेला की त्याच्यासाठी सागाच्या लाकडावर सूर्य, चंद्र, घोडेस्वार कोरून ते उभे करतात. एका म्हाताऱ्याने मला एकेका मुंड्याकडे बोट दाखवून कोण कोण ते सांगितले होते. मी हो-हो केले, लिहून काही घेतले नाही. माझ्या वहीत त्या गावाची थकबाकी होती, पैशापर्यंत बरोबर.

१९९३ साली मेळघाटातल्या बालमृत्यूंच्या बातम्या पेपरात आल्या, तेव्हा मी नागपुरात परतलो होतो. घरी विचारले, "तुम्ही तर तिथेच होता ना?" होतो. पावसाळ्यात मोठ्या पोटाची, काडीसारख्या पायांची पोरे दारात बसलेली पाहिली होती. ती तशीच असतात असे वाटले होते, दुसरे काय सांगू? त्याच काळात आपल्याच मेडिकलमध्ये शिकलेले डॉ. रवींद्र कोल्हे बैरागडला राहून त्यांच्यावर उपचार करत होते. त्यांना आणि डॉ. स्मिता कोल्हे यांना २०१९ मध्ये पद्मश्री मिळाली.

मेळघाट १९७३-७४ पासून व्याघ्रप्रकल्प आहे, देशातल्या पहिल्या नवांपैकी. वाघ वाचायला हवा, यात वाद नाही. त्यासाठी २००१ पासून कोहा, कुंड, बोरी अशी गावे गाभा क्षेत्रातून उठवून अकोटकडे सपाटीवर वसवली गेली. घराचा, शेताचा मोबदला ठरवता येतो. मागे उभ्या राहिलेल्या मुंड्यांचा कसा ठरवायचा, ते मला कळलेले नाही. त्या लाकडांवर नाव नसते. कोण कुठला, हे शेजारी राहणाऱ्यालाच ठाऊक.

तर त्या मुलाला आता सांगतो, गडावर राजाचे लोक राहत होते आणि गडाच्या मागे कोरकू राहत होते, आजही राहतात. मी ज्याच्याकडून ऐकले तो म्हातारा आता नसणार.

यंदा रौप्यमहोत्सवी सहल पुन्हा चिखलदऱ्याला न्यायची असे घाटत आहे. माझी एकच विनंती आहे. गड पाहून झाला की लगेच परतवाड्याला उतरू नये. बस पुढे सेमाडोहपर्यंत न्यावी. सिपना अगदी गावाला लागून वाहते. सकाळी साडेपाचला निघालो तर अंधाराच्या आत होते सगळे. या खेपेला वही मी आणतो.