शांत गावाचा इतिहास

फ्रान्समधलं मोंताइयू हे डोंगरातलं लहानसं खेडं. चौदाव्या शतकात तिथली माणसं काय खात, कशावरून भांडत, हे आज आपल्याला ठाऊक आहे. कारण एका बिशपनं पाखंडाच्या चौकशीत त्यांच्या जबान्या लिहून ठेवल्या. त्यावरून ल रुआ लादुरी यांनी १९७५ साली ग्रंथ लिहिला. सत्तेनं दरडावून विचारलं, म्हणून साधी माणसं कागदावर आली.

आता आपण गेवराई तालुक्यातल्या चकलांब्याकडे येऊ. १९४८ पर्यंत हा मुलूख निजामाचा. महसुली दप्तरात जमीन सापडते, सारा सापडतो; चूल सापडत नाही. आजही दिवाळीच्या सुमारास या भागातली कुटुंबं ऊसतोडीला जातात. दारांना कुलपं लागतात, म्हातारी माणसं मागं राहतात. पाहुण्याला वाटतं, काय शांत गाव आहे! मुकादमाच्या वहीत नवरा-बायको मिळून एक 'कोयता', पुढं उचलीचा आकडा. पहाटे उठून भाकरी थापणारी आणि मग फडात उतरणारी बाई त्या एका शब्दात बुडून जाते.

तिचा दिवस कोण लिहिणार? आपल्याला बिशप व्हायची गरज नाही. ओट्यावर बसावं, विचारावं, तिच्याच शब्दांत लिहून घ्यावं. एवढं तरी आपण करूच.