शुक्रताऱ्यासाठीचे युद्ध

इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात सामोसाटाच्या लूशियनने ग्रीक भाषेत 'खरा इतिहास' लिहिला आणि आरंभीच बजावले, की यात खरे काहीच नाही. त्यात चंद्राचा राजा एंडिमियन आपली दरिद्री प्रजा निर्जन शुक्रताऱ्यावर वसवू पाहतो. सूर्याचा राजा फेथॉन मत्सराने आडवा येतो. प्रचंड कोळी अंतराळात जाळे विणतात, तेच पायदळाचे रणांगण. पायदळ वगळता एंडिमियनचे सैन्य १,००,०००. पैकी ८०,००० तीन डोक्यांच्या गिधाडांवर स्वार! अखेर फेथॉन ढगांची दुहेरी भिंत उभारून चंद्राला अंधारात कोंडतो आणि तह होतो.

आपण गिधाडांना हसतो. लूशियनचा रोख मात्र आकड्यांवर आणि तहाच्या कलमांवर आहे. थुसिडिडीसच्या धाटणीची ही गंभीर भाषा वापरली, की असत्यालाही इतिहासाची प्रतिष्ठा लाभते, हे तो दाखवतो.

तहात दरवर्षी दवाचे १०,००० रांजण खंडणी ठरते, वसाहत सामाईक होते. ज्यांच्या नावाने युद्ध पेटले, त्या दरिद्री प्रजेचा मात्र तहात उल्लेखही नाही. या कपोलकल्पित इतिहासातील सर्वांत खरी जागा बहुधा हीच असावी.