गळ्यांतून गळ्यांत

कलावंताची थोरवी त्याच्या मैफलींवरून मोजावी, कीं त्यानें घडविलेल्या शिष्यांवरून? युरोपांतील पियानोवादकापुढें हा प्रश्न तितका बिकट नसतो. फ्रान्झ लिस्ट (१८११–१८८६) वायमार येथें शिष्यांना विनामूल्य शिकवी; पण त्याच्या रचना छापलेल्या स्वरलिपींत आजहि वाचतां येतात. आपल्या गवयाची विद्या मात्र गळ्यांतच राहते. ती दुसऱ्या गळ्यांत उतरली नाहीं, तर गवयाबरोबरच जाते. म्हणून भास्करबुवा बखले यांचें चरित्र आपण पुण्याच्या लोकांनीं पुनःपुन्हा आठवावें असें मला वाटतें.

बुवांचा जन्म १८६९ सालीं कठोर ह्या गांवीं झाला. गोड आवाजामुळें बाळपणींच त्यांना किर्लोस्कर नाटक मंडळींत जागा मिळाली. पुढें वयांत येतांना आवाज फुटला आणि आवाजावर मिळालेला मानहि ओसरला. दुसऱ्या कोणीं गाणें सोडलें असतें. बुवांनीं तें खऱ्या अर्थानें तेव्हां धरलें. बीनकार बंदे अलीखां, बडोद्याचे फैज महंमदखां, आग्रा घराण्याचे नत्थनखां आणि त्यानंतर अल्लादियाखां अशा उस्तादांच्या पायाशीं बसून त्यांनीं तालीम घेतली. त्या काळीं विद्या ही घराण्याची ठेव असे. सेवा केल्यावांचून ती हातीं लागत नसे, आणि परक्याला देतांना हात आखडता घेतला जाई.

अशा कष्टांनीं मिळविलेलें धन कुलुपांत ठेवण्याचा मोह कोणालाहि झाला असता. बुवांनीं १९११ सालीं पुण्यांत ‘किर्लोस्कर भारत गायन समाज’ स्थापन केला. आज त्यास आपण ‘भारत गायन समाज’ म्हणतों. ज्या मंडळींत बाळपणीं मान मिळाला आणि गेला, तिचेंच नांव त्यांच्या शाळेला लाभलें! पुढें १९१६ सालीं रंगभूमीवर आलेल्या ‘स्वयंवर’ नाटकास त्यांनीं चाली दिल्या. बालगंधर्वांच्या मुखांतून यमन, बिहाग, भीमपलास हे राग मध्यमवर्गीय घरांत पोंचले, ते ह्या चालींमुळें. गोविंदराव टेंबे यांच्यासारखा हार्मोनियमवादकहि त्यांस गुरु मानी.

घड्याळाच्या ठोक्यावर चालणाऱ्या वर्गांतून गवई निपजत नाहीं, असा आक्षेप संगीतशाळांवर नेहमीं येतो. तो अगदींच खोटा नव्हे. खुद्द बुवा घडले, ते उस्तादांच्या सहवासांत. परंतु वर्गांतून जाणता श्रोता निपजतो, आणि त्याच्यावांचून गवयाला तरी कोण पोसणार?

८ एप्रिल १९२२ रोजीं बुवा पुण्यांत वारले. वय अवघें बावन्न. त्यांचे शिष्य मास्तर कृष्णराव तेव्हां चोवीस वर्षांचे होते. त्यांनीं गुरूची गायकी पुढें चालविली, समाजाचा भार वाहिला, आणि रागांच्या चिजा स्वरलिपींत छापूनहि काढल्या. गळ्यांतली विद्या अशी कागदावरहि उतरली. कागद पाहून चीज वाचतां येते. ती गावी कशी, हें मात्र आजहि कोणाच्या तरी समोर बसूनच शिकावें लागतें.