दिनविशेष, २१ नोव्हेंबर : युद्धविराम आणि यशवंतरावांचा शपथविधी

२० ऑक्टोबर १९६२ रोजी चीनने लडाख आणि नेफा (आजचा अरुणाचल प्रदेश) अशा दोन्ही आघाड्यांवर हल्ला चढवला. महिनाभरात तवांग, सेला, बोमदिला हातचे गेले. संरक्षणमंत्री कृष्ण मेनन यांना पायउतार व्हावे लागले. पंडित नेहरूंनी महाराष्ट्राच्या मुख्यमंत्र्यांनाच दिल्लीला बोलावून घेतले. २१ नोव्हेंबरला यशवंतराव चव्हाणांनी संरक्षणमंत्रिपदाची शपथ घेतली, आणि त्याच दिवशी चीनने एकतर्फी युद्धविराम जाहीर केला.

भांडण जुनेच. १९१४च्या सिमला परिषदेत ठरलेली मॅकमोहन रेषा चीनला पूर्वेकडे मान्य नव्हती. पश्चिमेकडे अक्साई चीनमधून त्याने १९५७पर्यंत सिंकियांग-तिबेट रस्ता बांधून काढला. दिल्लीला तो उशिरा उमगला, ही दिरंगाई अक्षम्यच.

पुढे १९६३च्या पोटनिवडणुकीत नाशिकने यशवंतरावांना बिनविरोध लोकसभेवर पाठवले. संकटकाळी पक्षभेद बाजूला ठेवण्याचा हा मोठेपणा नाशिककरांनी विसरू नये. नाशिकजवळच्या ओझरचा मिग विमानांचा कारखानाही त्यांच्याच मंत्रिपदाच्या काळात उभा राहिला. नाशिकच्या गंगापूर रोडने गंगापूर धरणाकडे निघालात की त्यांच्या नावाचे मुक्त विद्यापीठ लागते. तिथल्या विद्यार्थ्यांना हा दिवस ठाऊक असायलाच हवा.

युद्धविरामानंतर चिनी फौजा पूर्वेला मॅकमोहन रेषेपलीकडे परतल्या. अक्साई चीनचा सुमारे ३८ हजार चौरस किलोमीटर प्रदेश मात्र आजही चीनच्या ताब्यात आहे.