हिरव्या पीची गोष्ट: लायसन्सचा प्रवास, मानहाइमपासून ट्रुगानिनापर्यंत

आजच्या भागात इतिहास सांगायचा आहे, पण सुरुवात आमच्या घरापासून करतो.

आम्ही ट्रुगानिनाला घर घेतलं तेव्हा एजंटने किचन दाखवलं, गॅरेज दाखवलं, मागची हिरवळ दाखवली. स्टेशन दाखवलं नाही, कारण ट्रुगानिनाला स्टेशनच नाही. गाडी पकडायची तर विल्यम्स लँडिंगला जा, नाहीतर टार्नीटला. मी रोज सकाळी कार घेऊन निघायचो आणि बायको घरी. बस आहे, नाही असं नाही. पण जुलैच्या वाऱ्यात प्रॅम घेऊन बसस्टॉपवर उभं राहिलेल्या कुणालाही विचारा.

ही तीच मुलगी, जी पुण्यात सोळाव्या वर्षी मावशीच्या लुनावर कर्वे रोड पालथा घालत होती. चारचाकी मात्र कधी शिकली नाही, गरजच पडली नव्हती. इथे आल्यावर दूध संपलं तरी मला मेसेज. एकदा ती म्हणाली, "अरे, मी पुण्यात कुणाला न विचारता कोथरूडहून कॅम्पला जायचे. इथे कोथिंबिरीसाठी तुझ्या मीटिंग संपायची वाट बघते." त्या वाक्याने मी जरा हललो. आणि मग, सवयीप्रमाणे, वाचायला बसलो: हे लायसन्स प्रकरण मुळात आलं कुठून?

पहिलं लायसन्स ज्याला म्हणतात ते जर्मनीतलं. १८८८ साली कार्ल बेंझ यांच्या गाडीच्या आवाजाची आणि वासाची मानहाइमच्या लोकांनी तक्रार केली. म्हणून त्यांनी सरकारकडून रस्त्यावर गाडी चालवण्याची लेखी परवानगी घेतली. म्हणजे पहिलं लायसन्स कौशल्याचं प्रमाणपत्र नव्हतंच, ते होतं शेजाऱ्यांच्या तक्रारीवरचं उत्तर. आणि त्याच ऑगस्टमध्ये त्यांची पत्नी बर्था दोन मुलांना घेऊन, नवऱ्याला न सांगता, तीच गाडी मानहाइमहून फोर्झहाइमला घेऊन गेली. शंभराहून जास्त किलोमीटर! वाटेत विसलोखच्या औषधाच्या दुकानातून इंधन घेतलं. कागद नवऱ्याच्या नावावर आणि लांबचा पहिला प्रवास बायकोचा. आमच्या घरी ही गोष्ट सांगितल्यावर मला एक नजर मिळाली, तिचं वर्णन रेडिओवर करता येणार नाही.

ब्रिटनमध्ये १ जानेवारी १९०४पासून लायसन्स सक्तीचं झालं, पण परीक्षा नव्हती. पाच शिलिंग भरा, कागद घ्या. परीक्षा सक्तीची व्हायला १९३५ उजाडलं. मधली तीस वर्षं ज्याच्याकडे पाच शिलिंग तो ड्रायव्हर.

आपल्याकडे मुंबईत मोटारी आल्या एकोणिसाव्या शतकाच्या अगदी शेवटी, आणि आल्या त्या श्रीमंत घरांत. रतनजी दादाभाई टाटांच्या फ्रेंच पत्नी सुझान या १९०५च्या सुमारास गाडी चालवत, आणि भारतात मोटार चालवणारी पहिली स्त्री म्हणून त्यांचंच नाव घेतात. त्यांचा मुलगा जेआरडी. १० फेब्रुवारी १९२९ला जेआरडींना विमान चालवायचं लायसन्स मिळालं, भारतात दिलेलं पहिलं, क्रमांक १. वय चोवीस. तीन वर्षांनी, १९३२च्या ऑक्टोबरात, त्यांनी स्वतः कराचीहून मुंबईला टपालाचं विमान आणलं. आई मोटारीत पहिली आणि मुलगा विमानात पहिला. दुर्दैवाने सुझान तोवर नव्हत्या, त्या १९२३मध्येच गेल्या.

सगळ्या देशासाठी पहिला मोटार कायदा १९१४चा. अठरा वर्षांखालच्याने गाडी चालवायची नाही, हा नियम तेव्हापासूनचा. मग १९३९चा कायदा आणि त्यानंतर १९८८चा, जो १ जुलै १९८९पासून लागू झाला. आपण ज्याला एमएच बारा, एमएच चार म्हणतो ते नंबर या कायद्याबरोबर आले. गल्फमध्ये असो, मेलबर्नमध्ये असो, मराठी माणूस भेटला की "एमएच किती?" हा प्रश्न निघतोच.

पण मंडळी, कायद्यापेक्षा मोठा बदल केला तो लुनाने. १९७२ साली पुण्याच्या फिरोदियांच्या कायनेटिक कंपनीने ती बाजारात आणली. पन्नास सीसी, पायडल मारून चालू करायची, आणि पेट्रोल संपलं तर सायकलसारखी घरी आणायची. स्कूटरसाठी तेव्हा वर्षानुवर्षं नंबर लावून बसावं लागे. लुना शिक्षिकेला, बँकेतल्या क्लार्कबाईंना, क्लासला जाणाऱ्या मुलीला परवडली. १९८४मध्ये कायनेटिक होंडा आली, बटण दाबलं की चालू, गिअर नाही. आणि १९८८च्या कायद्यात सोळाव्या वर्षी पन्नास सीसीपर्यंतच्या बिनगिअरच्या गाडीचं लायसन्स मिळण्याची सोय राहिली, पालकांच्या सहीने. ते 'विदाउट गिअर' लायसन्स! पुण्यात तोंडाला स्कार्फ बांधून फिरणाऱ्या मुली म्हणजे परगावच्या लोकांना थट्टेचा विषय. पण मुंबई सोडली तर त्या काळात कुठल्या शहरात इतक्या बायका स्वतःच्या वेळेने घराबाहेर पडत होत्या, हे जरा आठवून बघा. मुंबईला लोकल होती. पुण्याला लुना होती.

याच पुण्यात १९८८ साली परभणीहून अठरा वर्षांची एक मुलगी आली, शीला डावरे. खिशात बारा रुपये होते असं त्या सांगतात. त्यांना रिक्षा चालवायची होती. बाईला रिक्षा भाड्याने द्यायला कुणी तयार होईना. शेवटी एकाने दिली, पुढे पैसे साठवून त्यांनी स्वतःची घेतली, आणि २००१पर्यंत त्या रिक्षा चालवत राहिल्या. भारतातल्या पहिल्या महिला रिक्षाचालक म्हणून त्यांची नोंद आहे. मला यात एक गोष्ट फार महत्त्वाची वाटते. कायद्याने त्यांना कुणीच अडवलं नव्हतं. अडवलं ते किल्ली हातात असलेल्यांनी.

आता माझी कबुली. माझं भारतातलं चारचाकीचं लायसन्स मी एमबीए करताना काढलं. कुठल्या आरटीओत ते सांगत नाही. एजंटने सकाळी साडेदहाला बोलावलं, गाडी शंभर एक फूट पुढे नेली, साहेबांनी खिडकीतून पाहिलं, झालं. त्यानंतर दहा वर्षं मी बाइकच चालवली. त्या कार्डाच्या भरवशावर मी मेलबर्नला उतरलो, कारण इथेही गाडी डावीकडूनच चालते, स्टिअरिंग उजवीकडेच. वाटलं, त्यात काय शिकायचं? पहिल्या टेस्टला नापास झालो. स्टॉप साइनला मी थांबलो नव्हतो, आपल्या मते थांबलो होतो. चाक पूर्ण थांबणं आणि 'हळू करून बघणं' यात फरक असतो, हे मला पस्तिसाव्या वर्षी कळलं.

तेव्हा मी चिडलो होतो. इतकी वर्षं लायसन्स असलेल्या माणसाला हे लोक शाळकरी पोरासारखं का वागवतात? त्याचं उत्तर व्हिक्टोरियाच्या इतिहासात आहे.

इथला मोटार कार कायदा १९०९चा, पुढच्या वर्षी लागू झाला. सुरुवातीला लायसन्स पोलीस देत. गाड्या थोड्या होत्या, चालवणारे बहुतेक पुरुष. पण मेलबर्नच्या क्यू भागात १९१९च्या सुमारास अ‍ॅलिस अँडरसन नावाच्या तरुणीने गॅरेज उघडलं, आणि त्यात कामाला सगळ्या बायका! ऑस्ट्रेलियातलं असं पहिलं गॅरेज. वडील इंजिनियर, पुढे सर झालेल्या जॉन मोनॅशचे एके काळचे भागीदार. मोनॅश युनिव्हर्सिटीत आपली कितीतरी मुलं शिकतात, तेच हे मोनॅश. अ‍ॅलिसच्या गॅरेजात दुरुस्ती व्हायची, पेट्रोल मिळायचं, बाई ड्रायव्हरसकट गाडी भाड्याने मिळायची, आणि गाडी चालवायलाही शिकवत. गाडीखाली झोपून सरकत जायला तिने चाकांची फळी बनवली होती, आज कुठल्याही गॅरेजात दिसते तशी. १९२६मध्ये ती इतिहासाच्या प्राध्यापिका जेसी वेब यांना घेऊन एका इवल्याशा बेबी ऑस्टिनमधून ऑस्ट्रेलियाच्या मध्यभागी जाऊन आली. रस्ते असे नव्हतेच तेव्हा. परत आल्यावर थोड्याच दिवसांत, आपल्याच गॅरेजात बंदूक साफ करताना गोळी लागून ती गेली. वय फक्त एकोणतीस. गॅरेज तिच्या सहकाऱ्यांनी पुढे बरीच वर्षं चालवलं.

मग गाड्या वाढल्या, दुसऱ्या महायुद्धानंतर तर घरोघरी आल्या, आणि माणसं मरू लागली. १९७० साली एकट्या व्हिक्टोरियात रस्त्यांवर १,०६१ माणसं गेली. त्या वेळी राज्याची लोकसंख्या आजच्या निम्मी होती. त्याच वर्षी डिसेंबरात व्हिक्टोरियाने सीटबेल्ट लावणं सक्तीचं केलं, जगात सर्वांत आधी. १९७६मध्ये रस्त्यात कुणालाही थांबवून श्वास तपासायला सुरुवात झाली. २००७पासून एकवीस वर्षांखालच्या शिकाऊ ड्रायव्हरला १२० तास सरावाची वही भरावी लागते. पुढच्या वर्षी लाल पी आणि हिरवा पी असे टप्पे आले. लायसन्सचं वय मात्र अठराच, इतर राज्यांनी कमी ठेवलं तरी. आता लोकसंख्या दुप्पट होऊनही मृत्यूंचा आकडा वर्षाला तीनशेच्या आसपास असतो. तोही कमी नाही, पण माझ्या स्टॉप साइनचा हिशोब त्या १,०६१मध्ये आहे, हे मला पटलं.

वयाने मोठ्या शिकणाऱ्यांसाठी नियम थोडे वेगळे आहेत, ते सांगून ठेवतो, कारण याबद्दल पार्ट्यांमध्ये फार चुकीची माहिती फिरते. पंचविशी ओलांडली असेल तर लर्नर परमिट किमान तीन महिने हातात हवं. १२० तासांची वही लागत नाही. एकवीसनंतर पहिलं लायसन्स मिळालं तर लाल पी नाही, थेट हिरवा, तीन वर्षांसाठी. एल आणि पी दोन्हींना दारूचं प्रमाण शून्य, त्यामुळे गणपतीनंतरच्या डिनरचा ड्रायव्हर आपोआप ठरतो. भारताचं लायसन्स असलेल्यांना इथे लेखी परीक्षा, धोका ओळखण्याची व्हिडिओची परीक्षा आणि रस्त्यावरची परीक्षा, तिन्ही द्याव्या लागतात. आणि २९ ऑक्टोबर २०२३पासून टेम्पररी व्हिसावाल्यांनाही परदेशी लायसन्सवर सहाच महिने चालवता येतं. पूर्वी तशी मर्यादा नव्हती, त्यामुळे "आमचा भाचा चार वर्षं चालवतोय" हे उदाहरण आता चालत नाही.

तर, आमच्याकडे पिवळा एल लागला. पहिले दोन रविवार मी शिकवलं. लीक्स रोडच्या राउंडअबाउटवर मी "थांब" आणि "जा" एकाच वाक्यात म्हणालो. तिने गाडी बाजूला घेतली, नीट इंडिकेटर देऊन, हँडब्रेक लावला आणि म्हणाली, "तू उतर." मी उतरलो. घर दीड किलोमीटर होतं, चालत गेलो. ती तिथेच बसून राहिली, कारण शेजारी लायसन्सवाला असल्याशिवाय तिला चालवता येत नव्हती. शेवटी मला परत चालत यावं लागलं.

नवऱ्याने बायकोला गाडी शिकवू नये, हे कायद्यात घालायला हवं होतं. पुढचे धडे टार्नीटच्या एका श्रीलंकन बाईंनी दिले. त्या स्वतः पन्नाशीत शिकल्या होत्या. त्यांनी तिला एक सांगितलं: लुनावर तू मान वळवून मागे बघायचीस ना, तेच इथे कर, आरशावर विश्वास ठेवू नकोस. परीक्षेत लेन बदलताना मान वळवली नाही म्हणून कितीतरी लोक नापास होतात. कर्वे रोडवर घडलेली ती मान इथे कामाला आली. पहिल्याच प्रयत्नात पास. मी दुसऱ्या प्रयत्नात झालो होतो, हे आमच्या घरी आठवड्यातून एकदा तरी निघतं.

गेल्या हिवाळ्यात एका संध्याकाळी ट्रेन उशिरा आली. टार्नीट स्टेशनबाहेर पाऊस, माझी कार सर्व्हिसिंगला. मी उबर शोधत होतो तेवढ्यात समोर आमची दुसरी गाडी येऊन थांबली, काचेवर हिरवा पी, मागच्या सीटवर लेक, डिकीत कोथिंबिरीची जुडी आणि इंडियन ग्रोसरीच्या दोन पिशव्या. मी सवयीने उजवीकडच्या दाराशी गेलो. तिने काच खाली केली.

"तिकडून बस."