हेन्री जेम्सचा देशत्याग

१८४३ साली न्यूयॉर्क येथे जन्मलेला हेन्री जेम्स १८७६ च्या अखेरीस लंडनला स्थायिक झाला. पुढे महायुद्धात अमेरिका तटस्थ असता, जुलै १९१५ मध्ये त्याने ब्रिटिश नागरिकत्व पत्करले. हा स्वदेशाचा अव्हेर होय, असा आक्षेप घेतला गेला. कादंबऱ्यांची साक्ष मात्र निराळी आहे. 'द पोर्ट्रेट ऑफ अ लेडी' (१८८१) मधील इझाबेल व 'द अँबॅसडर्स' (१९०३) मधील स्ट्रेदर ही दोघेही अमेरिकनच. युरोपात इझाबेल फसते, स्ट्रेदरची दृष्टी विस्तारते. पण निर्णय दोघेही आपल्याच विवेकाने करतात. १९०७ ते १९०९ मध्ये निघालेल्या आपल्या २४ खंडांच्या संकलित आवृत्तीलाही जेम्सने जन्मगावाचेच नाव दिले. तेव्हा देशत्यागाने त्याचा विषय बदलला नाही. त्याकडे दुरून पाहणे त्यास शक्य झाले, असे म्हणणेच अधिक सयुक्तिक ठरेल.