ओसरीवरचा ड्रायव्हर, माजघरातला ड्रायव्हर

मागच्या व्याख्यानानंतर एक प्रश्न आला होता. प्रिंटर एका कंपनीचा, विंडोज दुसऱ्या कंपनीची, मग कागदावर अक्षर उमटतं ते कुणाच्या भरवशावर? आज त्याचाच इतिहास बघू.

उत्तर एका शब्दाचं आहे: ड्रायव्हर. विंडोजमध्ये प्रिंटरचा किंवा पडद्याचा ड्रायव्हर म्हणजे मुख्यतः एक लायब्ररी फाईल, आपण जिला डीएलएल म्हणतो ती. ही फाईल एकटी चालत नाही. दुसऱ्या प्रोग्रामने बोलावलं की त्याच्या मेमरीत जाऊन बसते आणि त्याच्याच अधिकाराने काम करते. हे 'जाऊन बसणं' लक्षात ठेवा. पुढची सगळी कथा ती कुठे जाऊन बसते याचीच आहे.

आधी डॉसचा काळ. तेव्हा ऑपरेटिंग सिस्टीम छपाईत फारसं लक्ष घालत नसे. प्रत्येक प्रोग्रामने आपापले ड्रायव्हर सांभाळायचे. लोटस १-२-३ बसवताना पडदा कोणता, प्रिंटर कोणता, हे त्यालाच सांगावं लागे. वर्डपरफेक्ट खपलं त्याचं एक कारण हे की त्याच्याकडे शेकडो प्रिंटरांचे ड्रायव्हर होते. म्हणजे बघा, दहा प्रोग्राम आणि पन्नास प्रिंटर असतील, तर एकच काम पाचशे वेळा करायचं!

नोव्हेंबर १९८५ मध्ये विंडोजची पहिली आवृत्ती आली आणि तिच्यासोबत जीडीआय, म्हणजे ग्राफिक्स डिव्हाइस इंटरफेस. प्रोग्रामने फक्त सांगायचं, 'इथे रेघ काढ, तिथे हे अक्षर ठेव.' समोर पडदा आहे की प्रिंटर, याची त्याने चिंता करायची नाही. जीडीआय ते काम त्या उपकरणाच्या ड्रायव्हरकडे देणार. या फायलींच्या नावाच्या शेवटी डीआरव्ही असे, पण आतून त्या लायब्ररीच होत्या.

यात आपल्या भाषेचाही फायदा झाला. डॉसमधला प्रोग्राम साधारणपणे पडद्याच्या कार्डात आणि प्रिंटरमध्ये आधीच भरलेल्या रोमन अक्षरांवर चालत असे. म्हणून देवनागरीसाठी जिस्ट कार्डासारखं वेगळं हार्डवेअर लागे. आयआयटी कानपूरमध्ये सुरू झालेलं ते काम पुढे पुण्याच्या सी-डॅकने वाढवलं. जीडीआय मात्र अक्षरही चित्रासारखं काढू शके. फाँट असला की काना-मात्रा-वेलांटी साध्या प्रिंटरवरही उमटू लागली. प्रिंटरला मराठी येण्याची गरज उरली नाही.

विंडोज ३.१ च्या सुमारास आणखी एक शहाणपण सुचलं. सगळ्या प्रिंटरांचं सामाईक काम युनिड्राइव्ह नावाच्या एकाच लायब्ररीत ठेवायचं, आणि कंपनीने आपल्या मॉडेलची माहिती तेवढी द्यायची. परक्याचा कोड जितका कमी, तितक्या चुका कमी.

आता मुख्य मुद्दा. आपल्या जुन्या घरांत ओसरी असते आणि माजघर असतं. आलेला माणूस ओसरीवर बसतो. माजघरात घरचीच माणसं. कॉम्प्युटरमध्येही असे दोन भाग आहेत: साधे प्रोग्राम चालतात तो यूजर मोड आणि सगळ्या किल्ल्या असलेला कर्नल मोड. १९९३ च्या विंडोज एनटी ३.१ मध्ये पडद्याचे आणि प्रिंटरचे लायब्ररी ड्रायव्हर ओसरीवर होते. पण प्रत्येक रेघेसाठी आत-बाहेर निरोप पोचवायचे म्हणजे वेळ जाई, मेमरीही लागे. म्हणून १९९६ च्या एनटी ४.० मध्ये हे सगळं बिऱ्हाड माजघरात हलवलं. वेग वाढला. मायक्रोसॉफ्टचं म्हणणं असं, की चित्रं काढणारा भाग पडला तर मशीन तसंही निकामीच होतं, मग बाहेर ठेवून काय मिळवलं?

पडद्यापुरतं हे पटण्यासारखं होतं. पण प्रिंटरचं काय? प्रिंटरच्या ड्रायव्हरमधली एक चूक, आणि संपूर्ण सर्व्हर निळ्या पडद्यावर! म्हणून विंडोज २००० मध्ये प्रिंटरच्या ड्रायव्हरला परत ओसरीवर आणलं आणि व्हिस्टामध्ये त्याला माजघराचं दार बंदच केलं. व्हिस्टाने पडद्याच्या ड्रायव्हरचेही दोन भाग केले: मोठा भाग बाहेर, गरजेपुरता आत. ग्राफिक्स कार्ड साधारण दोन सेकंद अडकून राहिलं, की विंडोज त्याला नव्याने सुरू करते. पडदा क्षणभर काळा होऊन परत येतो ना, तो हाच प्रकार.

इथे गोष्ट संपायला हवी होती. पण एक गोम राहिली. प्रिंटरचा ड्रायव्हर ओसरीवर आला खरा, पण बसला स्पूलरच्या मांडीवर. स्पूलर म्हणजे छपाईच्या कामांची रांग सांभाळणारी सेवा, आणि तिच्याकडे सिस्टमचे सर्वोच्च अधिकार! विंडोज ७ मध्ये ड्रायव्हरला वेगळ्या प्रोसेसमध्ये बसवण्याची सोय आली, ती मुख्यतः तो कोसळला तर स्पूलर कोसळू नये म्हणून. अधिकारांचा प्रश्न तसाच राहिला. जून २०२१ च्या अखेरीस 'प्रिंटनाइटमेअर' उघड झालं. साधा लॉगिन असलेला माणूसही आपली डीएलएल 'ही प्रिंटरचा ड्रायव्हर आहे' म्हणून स्पूलरकडे देऊ शकत होता, आणि स्पूलर ती पूर्ण अधिकारांनी चालवत होता. मायक्रोसॉफ्टला ६ जुलैपासून तातडीच्या दुरुस्त्या द्याव्या लागल्या. ऑगस्टपासून नियम बदलला: प्रिंटरचा ड्रायव्हर बसवायला ॲडमिनच हवा.

सप्टेंबर २०२३ मध्ये मायक्रोसॉफ्टने पुढचं पाऊल जाहीर केलं: बाहेरच्या कंपन्यांचे प्रिंटर ड्रायव्हर टप्प्याटप्प्याने बाजूला ठेवायचे. प्रिंटर आणि कॉम्प्युटर आयपीपी या सामाईक भाषेत बोलतील आणि त्यासाठी विंडोजचा स्वतःचा एकच ड्रायव्हर पुरेल. पण ज्यांना ती भाषा येत नाही त्या जुन्या, धडधाकट प्रिंटरांचं काय? छोट्या कार्यालयांना आणि शाळांना हा प्रश्न भेडसावणार आहे. सुरक्षिततेची किंमत कुणीतरी मोजतंच, आणि ती कुणी मोजायची हे ठरवताना त्यांना कुणी विचारत नाही.

घरी गेल्यावर एक करा. सिस्टम३२ मध्ये स्पूल नावाचा फोल्डर आहे, त्यात ड्रायव्हर्स. उघडून नुसतं बघा, काही पुसू नका. कधीच विकून टाकलेल्या प्रिंटरच्या लायब्ररी फायली कदाचित तिथे सापडतील. पाहुणा गेला, वळकटी राहिली! प्रश्न असतील तर आता घेऊ.